आजोबांनी काढलेले वावर आणि दुसऱ्याच्या नावाची १-ई नोंद : गायरानावरील दोन दाव्यांपैकी कोणता टिकतो?

नाल्यापलीकडचा (प्रश्नकर्ता)

नमस्कार मंडळी. आमचे गाव तापीच्या उत्तरेला, सातपुड्याच्या पायथ्याशी आहे. गावाचे व तालुक्याचे नाव मुद्दाम लिहीत नाही, कारण समोरचे कुटुंब माझ्या आईच्या माहेरच्या नात्यातले आहे आणि पोळ्याला आजही आमचे बैल त्यांच्या दारात व त्यांचे आमच्या दारात ओवाळले जातात. आम्ही भिल्ल समाजाचे आहोत आणि तेही आमच्याच समाजाचे आहेत, त्यामुळे या वादाला जातीचा रंग देऊ नये ही सुरुवातीलाच विनंती.

आजोबा गावातील एका मोठ्या शेतकऱ्याकडे सालदार होते. १९७२ च्या दुष्काळात खडी फोडण्याच्या कामावर गेले, तेथून परतल्यावर त्यांनी गायरानाच्या कडेची, नाल्याच्या दोन्ही बाजूंची सुमारे साडेतीन एकर जागा साफ केली. वेचलेल्या दगडांचा त्यांनी रचलेला बांध अजून उभा आहे आणि बांधावरचे मोहाचे झाड त्यांनी न तोडता राखले होते. या जमिनीपोटी सरकारात भरलेल्या पैशांच्या १९७४ ते १९८८ या काळातील नऊ पावत्या घरातील पत्र्याच्या पेटीत आहेत. दोन पावत्यांना कसर लागली आहे, पण आजोबांचे नाव वाचता येते.

वडील २०१३ पासून ऊसतोडीसाठी गुजरातेत जाऊ लागले. पावसाळ्यात परत येऊन ते पेरणी करीत असत. २०१६ च्या जूनमध्ये आम्ही पेरायला गेलो तेव्हा शेत आधीच नांगरलेले होते. समोरच्यांनी शंभराचा स्टॅम्प दाखवला. त्यावर माझ्या काकांनी चाळीस हजार रुपये घेऊन ‘वहिवाट सोडून दिली’ असे लिहिलेले आहे. काका आता हयात नाहीत आणि त्या पैशांविषयी आम्हाला कधी काही सांगितले गेले नव्हते. २०१८ पासून गाव नमुना १-ई मध्ये, म्हणजे तलाठ्याकडच्या अतिक्रमणांच्या नोंदवहीत, समोरच्यांचे नाव लागले आहे. वडील सांगतात की त्यांनी २००९ मध्ये वनहक्काचा दावाही दिला होता, पण त्याची पोच आमच्याकडे नाही. नाल्याच्या पश्चिमेची काही जागा वनखात्याची आहे असे जुने लोक म्हणतात, पण नेमकी किती हे कोणालाच ठाऊक नाही.

गेल्या महिन्यात दोन्ही घरांना अतिक्रमण का काढू नये अशी नोटीस आली. आमचा प्रश्न असा की पहिला हक्क कोणाचा धरला जातो, आधी जमीन काढणाऱ्याचा की ज्याचे नाव नोंदीत आहे त्याचा? आम्ही समोरच्यांविरुद्ध दावा लावावा का?

खळ्यावरून

दादा, हे सरळ आहे. बारा वर्षांपेक्षा जास्त ताबा असला की जमीन आपली होते. शिवाय तुम्ही आदिवासी असल्यामुळे १९७४ च्या कायद्याने जमीन परत मिळते. शहादा भागात सत्तरच्या दशकात अंबरसिंग महाराजांच्या चळवळीमुळे कितीतरी जमिनी परत मिळाल्या. लगेच केस टाका, वाट पाहू नका.

दिवाणी बाजू

वरील उत्तरातील दोन्ही गोष्टी या प्रकरणाला लागू पडत नाहीत, म्हणून आधी त्या बाजूला काढतो. १९७४ चा कायदा आदिवासी खातेदाराची स्वतःची जमीन बिगरआदिवासीच्या हाती गेली असेल तर ती परत करण्यासाठी आहे आणि तो १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळातील हस्तांतरणांना लागू होतो. येथे जमीन कधीच कुटुंबाच्या खात्यावर नव्हती आणि समोरचेही आदिवासीच आहेत. बारा वर्षांची मुदत खासगी मालकाविरुद्ध असते. सरकारविरुद्ध ती तीस वर्षांची आहे. त्यातही गायरानासारख्या सार्वजनिक उपयोगाच्या जमिनीवर प्रतिकूल ताब्याने (मालकाच्या हक्काविरुद्ध दीर्घकाळ ठेवलेल्या ताब्याने) हक्क निर्माण होऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ च्या रविंदर कौर ग्रेवाल प्रकरणात सुचवले आहे. पन्नास वर्षे नांगर चालवला म्हणून गायरान आपले झाले, असे मानून कोर्टात जाऊ नका.

आता तुमचा खरा प्रश्न. सरकारी जमिनीवर दोन अतिक्रमणदार भांडतात तेव्हा दिवाणी न्यायालयापुढे मालकीचा प्रश्नच नसतो, कारण मालक तिसराच असतो. कोर्टासमोर एवढेच असते की आधी शांतपणे ताब्यात कोण होते आणि त्याला कायद्याच्या मार्गाशिवाय कोणी हुसकावले का. याविषयीचा आधारभूत निकाल नायर सर्व्हिस सोसायटी विरुद्ध के. सी. अलेक्झांडर हा १९६८ चा आहे आणि तो नेमका अशाच परिस्थितीतील आहे. जमीन सरकारची होती, वादी वर्षानुवर्षे ती कसत होता आणि प्रतिवादी संस्था तिला मिळालेल्या क्षेत्राच्या पलीकडे जाऊन वादीच्या ताब्यातील जागेत शिरली होती. सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की खरा मालक वगळता इतर सर्वांविरुद्ध आधीचा ताबा हाच पुरेसा हक्क आहे आणि नंतर घुसलेल्याला ‘जमीन तुझी नाही, सरकारची आहे’ असे म्हणून स्वतःचा बचाव करता येत नाही. म्हणजे तुम्ही विचारलेल्या दोन पर्यायांत कायदा सामान्यतः आधीच्या ताब्याकडे झुकतो. १-ई मधील नाव हा ताब्याचा एक पुरावा आहे. त्यातून हक्क जन्माला येत नाही.

मात्र मुदतीकडे बारकाईने पाहा. स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्टच्या कलम ६ खाली केवळ ताबा हिरावल्याचा दावा सहा महिन्यांत लावावा लागतो, आणि मामलेदार न्यायालय अधिनियमाखाली तहसीलदारांकडे जायचे असले तरी तीच सहा महिन्यांची मुदत आहे. हे दोन्ही दरवाजे २०१६ मध्येच बंद झाले. आधीच्या ताब्याच्या आधारे दिवाणी दावा लावण्यास मुदत कायद्याच्या अनुच्छेद ६४ प्रमाणे ताबा गेल्यापासून बारा वर्षे मिळतात, म्हणजे तुमच्या बाबतीत साधारण जून २०२८ पर्यंत.

स्टॅम्पविषयी. काकांनी दिलेला तो कागद जमीन विकण्यासाठी शून्य किमतीचा आहे, कारण अतिक्रमण विकता येत नाही आणि शंभर रुपयांच्या नोटरी कागदाने स्थावर मिळकत हस्तांतरित होत नाही. तरीही तो कागद फाडून टाकावा असा नाही. समोरच्यांनी चाळीस हजार रुपये मोजून तुमच्या घराकडून वहिवाट घेतली, याचा अर्थ २०१६ पर्यंत वहिवाट तुमच्या घराची होती हे त्यांनी स्वतःच मान्य केले आहे. तुमच्या ताब्याचा याहून चांगला साक्षीदार तुम्हाला मिळणार नाही. त्याच कागदाची दुसरी बाजूही आहे: समोरचे म्हणतील की आम्ही बळजबरीने घुसलो नाही, घरातल्याच माणसाने दिले. मग काकांना एकट्याला ते देण्याचा अधिकार होता का, त्यांचा वाटा किती होता, वडील २०१४ व २०१५ मध्ये प्रत्यक्ष पेरत होते का, या प्रश्नांवर साक्षी-पुरावे होतील. बियाण्याची, खताची, बैलजोडी भाड्याने घेतल्याची एखादी चिठ्ठी सापडली तर जपून ठेवा.

एवढे सगळे सांगूनही दावा लावण्याचा सल्ला मी आज देणार नाही. कारण दाव्याच्या पहिल्याच परिच्छेदात तुम्हाला लिहावे लागेल की जमीन सरकारची आहे आणि आम्ही अतिक्रमणदार आहोत. समोरचेही कैफियतीत तेच लिहितील. दोघांनी शपथेवर लिहून दिलेले ते कागद जमीन महसूल संहितेच्या कलम ५० खालच्या कारवाईत आयतेच वापरले जातील, आणि दोघांमधील हुकूमनामा सरकारवर बंधनकारकही नसेल. सरकारला पक्षकार करायचे असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस आधी द्यावी लागते.

जुना नोंदवहीवाला

मी महसूल खात्यात अनेक वर्षे तलाठी म्हणून काम केले (आता त्या पदाला ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, पण गावात अजून ‘आप्पा’च म्हणतात). वकीलसाहेबांनी कायदा सांगितला आहे. मी कागद कसा वाचायचा तेवढे सांगतो.

पहिली गोष्ट म्हणजे त्या नऊ पावत्या खिडकीपाशी नेऊन एकेक नीट वाचा. त्यावर ‘अतिक्रमण दंड’ असे आहे की ‘एकसाली लावणी’ असे आहे? सामान्य माणसाला दोन्ही पावत्या सारख्याच वाटतात, पण फरक जमीन-अस्मानाचा आहे. दंडाची पावती म्हणजे तुम्ही परवानगीशिवाय कसत होतात आणि सरकारने तुम्हाला त्याबद्दल आकारणी केली. एकसाली लावणी म्हणजे सरकारने त्या वर्षापुरती जमीन तुम्हाला कसायला दिली होती. तुमच्या पावत्यांपैकी काही एका प्रकारच्या व काही दुसऱ्या प्रकारच्या असण्याचीही शक्यता आहे. पावतीवर गट किंवा जुना सर्व्हे नंबर बहुधा असतो; तो नंबर आजच्या गटाशी जुळतो का ते पाहावे लागेल, कारण जमिनींच्या एकत्रीकरणानंतर नंबर बदललेले असतात आणि मी नोकरीत असताना असे कितीतरी दावे केवळ जुना नंबर नव्या गटाला न जोडल्यामुळे कोसळलेले पाहिले.

दुसरी गोष्ट गाव नमुना १-ई ची. ही नोंदवही अतिक्रमणांची यादी आहे. तिच्यात नाव लागणे म्हणजे ‘हा माणूस सरकारी जमिनीत बसला आहे’ अशी सरकारच्या दृष्टीने तक्रारच लिहिली जाणे. गंमत अशी की गावाकडे लोक ती नोंद लावून घेण्यासाठी धडपडतात, कारण पुढे कधी नियमित करण्याचा आदेश निघाला तर तिचाच आधार धरला जातो. तेव्हा समोरच्यांची २०१८ ची नोंद बघून घाबरू नका, पण १९७४ पासून २०१७ पर्यंतच्या १-ई च्या प्रती मागा. माहिती अधिकारात अर्ज करून ‘अवलोकन’ मागितले तर जुनी नोंदवही समोर बसून चाळता येते, आणि तेथे आजोबांचे नाव दिसले तर त्या पानाची प्रमाणित प्रत तेव्हाच मागा.

तिसरी गोष्ट जुन्या आदेशांची आहे. शासनाने अनुसूचित जाती-जमाती व भूमिहीन यांची शेतीसाठीची जुनी अतिक्रमणे नियमित करण्याचे आदेश वेळोवेळी काढले. १९७८ च्या आदेशानंतर २८ नोव्हेंबर १९९१ चा निर्णय आला आणि त्यात १४ एप्रिल १९९० पर्यंतची अतिक्रमणे विचारात घ्यायची होती. आजोबांचा ताबा १९७४ पासूनचा आहे, म्हणून त्या काळात त्यांनी अर्ज केला होता का, मंडळ निरीक्षकांचा पंचनामा झाला होता का, हे शोधा. त्या वेळची प्रकरणे अनेक ठिकाणी ‘अपूर्ण’ म्हणून गठ्ठ्यात पडून राहिली. तो अर्ज सापडला तर समोरचे त्या स्पर्धेतच राहत नाहीत, कारण १९९० मध्ये ते त्या जमिनीवर नव्हते.

‘ज्याने काढले त्याचे वावर’ हे जे आपल्याकडे मनात घट्ट बसले आहे, ते उगीच नाही. १८१८ नंतर खानदेशात गावेच्या गावे ओस होती आणि पडीक जमीन लागवडीला आणणाऱ्याला सुरुवातीची काही वर्षे कमी साऱ्याचा कौल दिला जात असे. आपल्यापैकी कित्येकांचे पूर्वज तशाच कौलावर येथे वसले. पण १९६६ च्या जमीन महसूल संहितेच्या कलम २० प्रमाणे ज्या जमिनीवर दुसऱ्याचा हक्क सिद्ध होत नाही ती सरकारची, हे सूत्र आज लागू आहे.

गुराखी

सगळे दोन घरांविषयी बोलत आहेत, म्हणून तिसऱ्याच्या बाजूने लिहितो. आमच्या गावात एके काळी गायरान भरपूर होते. आता नकाशावर आहे, पण जनावर उभे करायला जागा नाही. ज्याच्याकडे स्वतःचा बांध नाही त्याच्या दोन शेळ्यांनी जायचे कुठे? सर्वोच्च न्यायालयाने २८ जानेवारी २०११ च्या जगपालसिंग निकालात गावाच्या सामाईक जमिनीवरची अतिक्रमणे काढण्यास सांगितले, त्यानंतर राज्य शासनाने १२ जुलै २०११ चा निर्णय काढला आणि २०२२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने गायरानांच्या प्रश्नाची स्वतःहून दखल घेतली. नाल्यापलीकडच्या भाऊंविषयी मला राग नाही, त्यांचे आजोबा सालदार होते आणि त्यांना दुसरे काही नव्हते हे समजते. पण दोघांपैकी कोण जिंकले तरी गुरांचे गवत हरतेच, हेही या चर्चेत लिहिलेले असावे.

दिवाणी बाजू

गुराखीभाऊंचे म्हणणे रास्त आहे आणि नोटिसीला उत्तर देताना ते लक्षात ठेवावे लागेल. एवढेच जोडतो की जगपालसिंग निकालातच भूमिहीन मजुरांना किंवा अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना शासकीय आदेशान्वये पट्टा दिलेला असेल, अथवा त्या जागेवर शाळा-दवाखान्यासारखी सार्वजनिक सोय असेल, तर अपवाद म्हणून नियमित करता येईल असे म्हटले आहे. केवळ दीर्घकाळचा ताबा किंवा बांधकामावर केलेला खर्च ही सबब तेथे नाकारली आहे. म्हणून एकसाली लावणीच्या पावतीचा शोध हा आता छंद राहिलेला नाही.

पाड्यावरची ताई

मी वनहक्काच्या दाव्यांचे कागद तयार करण्यात गावांना मदत करते. हा धागा वाचताना मला सर्वांत महत्त्वाचे वाक्य ‘नाल्याच्या पश्चिमेची काही जागा वनखात्याची आहे’ हे वाटले आणि त्यावर अजून कोणी पुरेसे बोललेले नाही.

भाऊ, तुमचे साडेतीन एकर हे कायद्याच्या नजरेत एक शेत नाही. गायरानाचा तुकडा महसूल संहितेखाली येतो आणि वनजमिनीचा तुकडा २००६ च्या वनहक्क कायद्याखाली येतो. पहिल्या तुकड्यावर तुम्ही अतिक्रमणदार आहात. दुसऱ्या तुकड्यावर पुरावा असेल तर तुम्ही दावेदार आहात, आणि दाव्याची पडताळणी पूर्ण होईपर्यंत कलम ४(५) प्रमाणे तुम्हाला तेथून हटवता येत नाही. त्यामुळे वनहद्दीचा बुरूज कुठे आहे हे आधी ठरले पाहिजे. बुरूज म्हणजे दगडांची रचलेली खूण; अनेक ठिकाणी तो ढासळलेला असतो किंवा कोणीतरी त्याचे दगड बांधाला लावलेले असतात (हे मी गमतीने लिहीत नाही, एका गावात आम्ही बुरूज शोधत फिरलो आणि त्याच दगडांवर बसून चहा प्यायल्याचे नंतर लक्षात आले). मोजणीचा अर्ज तुम्ही खातेदार नसल्यामुळे स्वतःच्या नावाने करणे अवघड जाईल, म्हणून ग्रामसभेचा ठराव घेऊन ग्रामपंचायतीमार्फत करा.

वनहक्काच्या तुकड्यावर समोरच्यांची बाजू फार कमकुवत आहे. कायद्याने पात्रतेसाठी धरलेली तारीख १३ डिसेंबर २००५ आहे. त्याआधीपासून ताबा असावा लागतो आणि ३१ डिसेंबर २००७ ला, म्हणजे कायदा अमलात आला त्या दिवशीही, तो चालू असावा लागतो. समोरचे २०१६ मध्ये आले. त्यांना स्वतःच्या नावाने दावा करताच येणार नाही, आणि तुमच्या काकांनी दिलेल्या स्टॅम्पनेही त्यांना ती पात्रता मिळणार नाही, कारण हा हक्क वारसाने जातो पण विकता वा हस्तांतरित करता येत नाही. मर्यादा ४ हेक्टरची आहे, तिच्या तुम्ही खूपच आत आहात. पट्टा मिळाला तर तो पती-पत्नी दोघांच्या नावाने निघतो, तेव्हा आईचे नाव अर्जात आवर्जून घ्या.

तरी एक कठीण जागा आहे, ती लपवत नाही. कायदा ‘प्रत्यक्ष ताबा’ म्हणतो आणि आज नांगर समोरच्यांचा आहे. पडताळणीच्या दिवशी वनहक्क समिती, वनरक्षक आणि ग्राम महसूल अधिकारी शिवारात येतील, मोबाईलवर जीपीएस लावून हद्दीवरून फिरतील, आणि तेव्हा पिकात उभे कोण आहे हे सर्वांना दिसेल. म्हणूनच आजोबांचा दगडी बांध आणि मोहाचे झाड पंचनाम्यात यायला हवेत. वनहक्क नियमांपैकी नियम १३ मध्ये बांध, झोपडी, विहीर अशा प्रत्यक्ष खुणा पुरावा मानल्या आहेत. दावेदार सोडून इतर वडीलधाऱ्यांचे लेखी जबाबही पुरावा आहेत. एकाहून अधिक पुरावे जोडावे लागतात. उपग्रहाच्या चित्रात शेत दिसत नाही एवढ्यावरून दावा फेटाळता येत नाही. २०१२ च्या सुधारित नियमांनुसार ते चित्र पूरक आहे, इतर पुराव्यांची जागा ते घेत नाही.

२००९ च्या दाव्यासाठी वनहक्क समितीची दावे नोंदवही आणि त्या काळातील ग्रामसभेचे इतिवृत्त पाहा. तेथे वडिलांचे नाव असेल तर दावा प्रलंबित आहे असे लिहून द्या. ग्रामसभेचा ठराव विरुद्ध गेला तर साठ दिवसांत उपविभागीय समितीकडे आणि तेथून पुन्हा साठ दिवसांत जिल्हा समितीकडे जाता येते.

तळोद्याकडचे उदाहरण येथे आठवते. सरदार सरोवराच्या विस्थापितांसाठी १९९० मध्ये तळोद्याच्या जंगलातील २,७०० हेक्टर जमीन मोकळी करण्यात आली, आणि त्याच जंगलात आधीपासून कसणारे स्थानिक आदिवासीही होते. एकाचे घर धरणात गेले होते आणि दुसऱ्याचे शेत पुनर्वसनाच्या आखणीत येत होते. दोघांचीही बाजू खरी होती. कागदावर मोकळी दिसणारी सरकारी जमीन प्रत्यक्षात क्वचितच मोकळी असते.

जुना नोंदवहीवाला

ताईंनी योग्य ठिकाणी बोट ठेवले. एक सावधगिरी सांगतो. गावात हद्दीवरून शब्दाने शब्द वाढला की पोलीस चॅप्टर केस (शांतताभंग होऊ नये म्हणून प्रतिबंधक कारवाई) करतात, आणि प्रकरण चिघळले तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६४ खाली, म्हणजे पूर्वीच्या १४५ खाली, कार्यकारी दंडाधिकारी ताब्यापुरता आदेश काढतात. तेथे आदेशाच्या दिवशी, फार तर आधीच्या दोन महिन्यांत, ताबा कोणाचा होता एवढेच पाहिले जाते. तुमच्या बाबतीत तो आदेश समोरच्यांच्या बाजूने जाईल आणि मग तोच कागद ते सर्वत्र दाखवतील. म्हणून पेरणीच्या तोंडावर कोणी कितीही चिथावले तरी शेतात औत घालू नका.

शिवाय घरातील कोणी ग्रामपंचायतीची निवडणूक लढवणार असेल तर आत्ताच थांबा. सरकारी जमिनीवर अतिक्रमण करणारा सदस्य राहू शकत नाही, आणि सर्वोच्च न्यायालयाने २०१८ च्या जनाबाई प्रकरणात कुटुंबीयांच्या अतिक्रमणाचाही सदस्याला फटका बसू शकतो असे ठरवले आहे.

नाल्यापलीकडचा (प्रश्नकर्ता)

सर्वांचे मनापासून आभार. एवढे सविस्तर कोणी लिहील असे वाटले नव्हते. गेल्या तीन आठवड्यांत जे झाले ते कळवतो.

पावत्या खिडकीपाशी नेऊन वाचल्या. नऊपैकी सहांवर ‘दंड’ आहे, पण १९७६, १९७७ आणि १९७९ च्या तीन पावत्यांवर शाईने ‘ए. सा. लावणी’ असे लिहिले आहे आणि त्यातील एकीवर वनपरिक्षेत्राचा गोल शिक्का आहे. आम्ही आजवर त्या नऊही पावत्या एकाच रबरबँडमध्ये ठेवत होतो.

१-ई ची जुनी नोंदवही पाहायला मिळाली. १९८१ ते १९८८ या पानांवर आजोबांचे नाव आहे, पुढची काही वर्षे पानेच नाहीत. वनहक्क समितीच्या नोंदवहीत वडिलांचे नाव २००९ च्या यादीत सापडले, शेऱ्याच्या रकान्यात काहीच लिहिलेले नाही.

नोटिशीला काय उत्तर द्यावे हे मात्र अजून ठरलेले नाही. समोरच्या मामांशी बोललो. त्यांचे म्हणणे असे की चाळीस हजार रुपये त्यांनी मुलीचे दागिने मोडून दिले होते आणि ते काकांकडे गेले की आमच्या घराकडे, हे त्यांना कसे कळणार. यावर माझ्याकडे उत्तर नव्हते.

दिवाणी बाजू

त्या तीन पावत्यांच्या प्रमाणित प्रती आधी करून घ्या आणि मूळ प्रती पेटीतून काढून बँकेच्या लॉकरमध्ये किंवा किमान प्लास्टिकच्या पाकिटात ठेवा. वनपरिक्षेत्राचा शिक्का असलेली एकसाली पावती ही वनहक्क कायद्याच्या कलम ३(१)(छ) खाली, म्हणजे जुने पट्टे व लावण्या यांचे हक्कात रूपांतर करण्याच्या मागणीसाठीही वापरता येईल. ताई याविषयी अधिक नेमके सांगतील.

नोटिशीच्या उत्तरात समोरच्यांविरुद्ध एक शब्दही लिहू नका. क्षेत्राचा काही भाग वनजमीन आहे, त्यावर २००९ पासून दावा प्रलंबित आहे, वनहद्द व गायरान यांची संयुक्त मोजणी झाल्याशिवाय कलम ५० ची कारवाई कोणत्या क्षेत्रावर करायची हेच निश्चित होत नाही, म्हणून मोजणीपर्यंत कारवाई स्थगित ठेवावी, एवढेच लिहा आणि पोच घ्या. समोरच्यांनीही मोजणीचीच मागणी केली तर दोघांचेही भले आहे, हे मामांना समजावून सांगता येईल.

चाळीस हजारांविषयी कायदा तुम्हाला ते परत द्यायला लावेल असे मला वाटत नाही, कारण व्यवहार काकांचा होता आणि मुदतही उलटली आहे. पण वनहक्काचा तुकडा तुमच्याकडे येणार असेल, तर वडीलधाऱ्यांच्या जबाबासाठी तुम्हाला त्यांच्याच घराच्या शेजारी जाऊन बसावे लागणार आहे. गावातले सत्तरीपुढचे जे दोन-तीन लोक आजोबांना बांध घालताना पाहिल्याचे सांगू शकतील, त्यांच्यात मामांचे वडील असतील असा माझा अंदाज आहे.

नाल्यापलीकडचा (प्रश्नकर्ता)

अंदाज बरोबर आहे. ते त्या वेळी आजोबांसोबत दगड वेचायला येत असत असे आई सांगते. संयुक्त मोजणीसाठी ग्रामपंचायतीने ठराव घेण्याचे मान्य केले आहे आणि ग्रामसभा पुढच्या आठवड्यात आहे. आईने मामांच्या वडिलांना निरोप धाडला आहे की मोहाच्या झाडापर्यंत येऊन बुरूज कुठे होता ते दाखवा; त्यांनी येतो म्हटले आहे, पण गुडघ्यांमुळे बैलगाडी पाठवावी लागेल.